कपाळावरचा लेख आणि सावकाराची वही

‘जो लिखा है वही होगा.’ मराठी मुस्लिम घरांत हे वाक्य इतक्या सहजपणे येते की त्याचा अर्थ काय, असे कोणी विचारत नाही. शेजारच्या हिंदू घरात तेच वाक्य ‘कपाळात असेल ते चुकत नाही’ असे होते. आपल्याकडे लौह-ए-महफूज, त्यांच्याकडे पाचवीच्या रात्री बाळाच्या कपाळावर लिहून जाणारी सटवाई. श्रद्धा वेगळ्या असल्या तरी दोन्हीकडे एक गोष्ट समान आहे. कोणीतरी काहीतरी लिहून ठेवले आहे आणि ते वाचण्याची किंवा खोडण्याची सोय आपल्याकडे नाही.

हा लेख धर्मशास्त्राचा नाही, इतिहासाचा आहे. पुणे जिल्ह्याच्या पूर्वेला बारामती आणि इंदापूर हे दोन तालुके आहेत. या मुलखाने गेल्या दोनशे वर्षांत दुष्काळ, सारा, कर्ज आणि पाणी या चारही गोष्टींत ‘हे असेच चालायचे’ हे वाक्य पुन्हा पुन्हा ऐकले आहे. ते कोणी उच्चारले, कोणाला ऐकवले आणि त्यानंतर काय घडले, हे पाहिले की दैववादाबद्दलचे आपले बरेच समज तपासून घ्यावे लागतात.

पर्जन्यछायेतला मुलूख

सह्याद्री ओलांडून ढग पूर्वेकडे येतात तोवर त्यांच्यातले बहुतेक पाणी मावळात पडून गेलेले असते. इंदापूर-बारामतीच्या वाट्याला वर्षाकाठी सरासरी पाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस येतो, तोही बेभरवशाचा. उत्तरेला भीमा, दक्षिणेला नीरा आणि मध्ये माळरान. ज्वारी, बाजरी, मेंढरे आणि नशीब, अशी या भागाची जुनी ओळख.

अशा ठिकाणी माणसे दैवावर हवाला ठेवतात, हे म्हणणे सोपे आहे. ते काही अंशी खरेही आहे. इंदापुरात चांदशावली बाबांचा दर्गा आहे, सुप्यात शाहमन्सूर यांचा. पावसाने ओढ दिली की नवस बोलणारे तिथे हिंदूही असतात, मुसलमानही. हाच इंदापूर आणि सुपे परगणा भोसल्यांच्या जहागिरीशी जोडलेला. मालोजीराजे इंदापूरच्या लढाईत पडले आणि पुढे उजाड झालेल्या पुण्यात जिजाऊंनी बाल शिवाजीच्या हस्ते सोन्याचा नांगर फिरवला, असे परंपरा सांगते. ज्या जमिनीवर गाढवाचा नांगर फिरला, पहार ठोकली, फाटकी वहाण टांगली, ती जमीन कायमची शापित झाली असे लोक मानत होते. त्या लेखावर नांगर फिरवणारी ही कथा महाराष्ट्राने इतकी जपली, यातच बरेच काही येते. नवस करणारा आणि नांगर धरणारा माणूस एकच होता. एकाने दुसऱ्याला रोखले नाही.

मग ‘दख्खनचा शेतकरी दैववादी, आळशी, उद्याचा विचार न करणारा’ हे चित्र आले कुठून? एकोणिसाव्या शतकातल्या सरकारी लिखाणात ते जागोजागी भेटते. ज्यांनी ते रंगवले त्यांच्याच दप्तरात त्याला खोडणारा पुरावाही पडून आहे.

इंदापूरचा पहिला धडा

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि हा मुलूख ईस्ट इंडिया कंपनीकडे आला. शेतसारा किती घ्यायचा, हा पहिला प्रश्न. याआधी निजामशाहीत मलिक अंबरने जमिनीची प्रत आणि प्रत्यक्ष उत्पन्न पाहून धारा बांधला होता आणि त्या धाऱ्याची आठवण दख्खनच्या गावांत दीर्घकाळ राहिली. कंपनीच्या अधिकाऱ्यांनी मात्र नवे शास्त्र आणले. आर. के. प्रिंगल या अधिकाऱ्याने १८२०च्या दशकात पुणे भागाची मोजणी केली. इंग्लंडमधल्या रिकार्डो नावाच्या अर्थतज्ज्ञाचा खंडाचा सिद्धांत त्याच्या डोक्यात होता. शेताचे उत्पन्न वजा खर्च म्हणजे निव्वळ उत्पन्न आणि त्याच्या ५५ टक्के सरकारचे, असा हिशेब. १८३० मध्ये हे दर लागू झाले.

कागदावर हिशेब चोख होता. इंदापुरात तो कोसळला. मोजणीत चुका होत्या, दर जास्त होते, धान्याचे भाव पडलेले होते आणि पाऊस नेहमीप्रमाणे बेभरवशाचा होता. वसुलीसाठी रयतेचा छळ झाल्याच्या नोंदी इंग्रज अधिकाऱ्यांनीच करून ठेवल्या आहेत. लोकांनी काय केले? कपाळाला हात लावून ते बसले नाहीत. बैल, बायकामुले घेऊन त्यांनी गाव सोडले आणि अनेकजण शेजारच्या निजामाच्या हद्दीत गेले. इंदापूर तालुक्यातली मोठी जमीन पडीक झाली.

यानंतर १८३५ मध्ये गोल्डस्मिड हा मुलकी अधिकारी इंदापुरात आला. त्याच्या जोडीला विंगेट हा लष्करी अभियंता. दोघांनी नवी मोजणी केली, जमिनीची प्रतवारी सोप्या पद्धतीने लावली आणि सारा लक्षणीयरीत्या कमी केला. १८३६ पासून तो तीस वर्षांसाठी कायम केला गेला. पुढे साऱ्या मुंबई इलाख्यात जी रयतवारी पाहणी पद्धत पसरली तिचा जन्म इंदापूर तालुक्यात झाला, हे आज इंदापूरकरांनाही फारसे ठाऊक नसते.

दर उतरले आणि माणसे परतली. पडीक शेते पुन्हा नांगराखाली आली. पाऊस तोच, माती तीच, माणसेही तीच. पाच-सहा वर्षांपूर्वी ज्याला ‘या भागाचे दुर्दैव’ म्हटले गेले असते, ते सरकारी तक्त्यातल्या एका आकड्याचे काम होते. आकडा बदलला, तसे दैवही बदलले.

सुप्याचा बाजार

तीस वर्षांनी मुदत संपली. त्या वेळी अमेरिकेत यादवी युद्ध सुरू होऊन संपले होते. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकन कापूस इंग्लंडला जाईना, म्हणून दख्खनच्या कापसाला आणि एकूणच शेतमालाला भाव चढला. रेल्वेही आली. इंदापूर तालुक्यातल्या डिकसळपर्यंत गाडी १८५८ मध्येच पोचली होती. पैसा खेळू लागला आणि सावकार हात सैल करून कर्ज देऊ लागले. याच तेजीच्या भावांकडे पाहून १८६७ मध्ये इंदापूरचा सारा पुन्हा ठरवण्यात आला. तो एकदम सुमारे दीडपट झाला. पण तोवर अमेरिकन युद्ध संपले होते, कापूस पुन्हा तिकडून जाऊ लागला होता आणि भाव घसरणीला लागले होते. तेजी गेली, सारा राहिला.

सारा रोखीत आणि ठरल्या तारखेला भरायचा. पीक हाती नसेल तर सावकाराकडे जायचे. आणि सावकाराकडे गेले की वही.

ही वही कशी चालत असे, हे समजून घेण्यासारखे आहे. १८५९ मध्ये सरकारने मुदतीचा कायदा केला. साध्या कर्जरोख्याची मुदत तीन वर्षे. हेतू असा की व्याजाचे डोंगर साचू नयेत. प्रत्यक्षात सावकाराने त्याचाच फास केला. दर तीन वर्षांनी नवा रोखा. जुने मुद्दल, त्यावरचे व्याज आणि व्याजावरचे व्याज मिळून नवे मुद्दल, आणि पुन्हा तीन वर्षांचे चक्र. शेतकऱ्याला लिहिता-वाचता येत नाही. तो अंगठा उठवतो. परतफेडीची पावती मिळतेच असे नाही. दिवाणी कोर्टात न्यायाधीश कागद पाहतो, माणूस पाहत नाही. कागदावर अंगठा आहे, म्हणजे हुकूमनामा सावकाराचा.

आता ‘जो लिखा है वही होगा’ हे वाक्य या शेतकऱ्याच्या जागी उभे राहून ऐकून पाहा. त्याच्या आयुष्याचे जे लिहिले होते ते कुठल्या अदृश्य पाटीवर नव्हते. ते सुप्याच्या पेठेत, लाल कापडात बांधलेल्या वहीत होते. लिहिणारा हात दिसत होता, भाषा मात्र त्याला वाचता येत नव्हती.

१८७४च्या अखेरीस शिरूर तालुक्यातल्या करडे गावी सावकारावर बहिष्कार पडला. न्हाव्याने हजामत करायची नाही, पाणक्याने पाणी भरायचे नाही, कोणी चाकरी करायची नाही. आणि १२ मे १८७५ रोजी सुप्याला बाजार भरला असताना आजूबाजूच्या गावांतून आलेल्या शेतकऱ्यांनी गुजराती सावकारांच्या दुकानांवर चाल केली. सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होते, आज बारामतीत आहे. लोकांनी वह्या मागितल्या, रोखे मागितले आणि ते जाळले. धान्याची दुकाने लुटली गेली, काही घरांना आगी लागल्या. पाहता पाहता पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या तीसहून अधिक गावांत हे लोण पसरले. ९५१ जणांना अटक झाली.

या दंग्यांचे गोडवे गाण्याचे कारण नाही. सावकारांपैकी बरेच जण बाहेरून आलेले होते आणि जमावाचा राग त्या ‘परके’पणावरही निघाला. अशा रागाचे काय होते हे आपल्याला, मुसलमानांना, कोणी शिकवायची गरज नाही. शिवाय सावकार हा त्या साखळीतला एक दुवा होता. साऱ्याचा आकडा ठरवणारा सरकारी अधिकारी सुप्याच्या बाजारात नव्हता. चौकशीसाठी नेमलेल्या आयोगाने सरकारी सारा हे कारण नसल्याचा निर्वाळा देऊन ती बाजू झाकूनही घेतली. पण एक गोष्ट मात्र आयोगालाही नोंदवावी लागली. माणसांवर हल्ले फार कमी झाले. जिथे वही आणि रोखे हाती दिले गेले तिथे जमाव बहुतेक वेळा पुढे गेला नाही. लोकांना नेमके ठाऊक होते की आपले नशीब कुठे लिहिलेले आहे.

परिणाम काय झाला? दंग्यांच्या आदल्याच वर्षी, वाढलेल्या असंतोषामुळे, सरकारने साऱ्याच्या वाढीवर मर्यादा घातली होती. संपूर्ण तालुक्याला ३३ टक्के, एका गावाला ६६ टक्के आणि एका खात्याला शंभर टक्क्यांपेक्षा जास्त वाढ करायची नाही. १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांत तो लागू केला गेला. कोर्टाने केवळ कागदावर न थांबता कर्जाचा मूळ इतिहास तपासावा, कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकू नये, रोखे नोंदणी अधिकाऱ्यासमोर व्हावेत, अशा तरतुदी आल्या. या कायद्याने गरिबी संपली नाही. काही ठिकाणी सावकारांनी हात आखडता घेतल्याने कर्ज मिळणेच अवघड झाले. तरी ‘कागदावर लिहिले म्हणजे तेच खरे’ हा नियम मोडला. लिहिलेले पुन्हा उघडून पाहता येते, हे कायद्याने मान्य केले.

१८७६ : दैववादी कोण?

सुप्यानंतर सव्वा वर्षाने पाऊस फसला. १८७६ ते १८७८चा दुष्काळ मुंबई आणि मद्रास इलाखे, म्हैसूर, हैदराबाद अशा साऱ्या दख्खनवर पडला. सावध अंदाजानेही पन्नास लाखांहून अधिक माणसे त्यात गेली. पुणे जिल्ह्यात सर्वांत जास्त झळ लागली ती पूर्वेच्या तालुक्यांना.

दोनच वर्षांपूर्वी, १८७४ मध्ये, बिहारमध्ये टंचाई आली तेव्हा सर रिचर्ड टेंपल या अधिकाऱ्याने ब्रह्मदेशातून तांदूळ आणवून लोक वाचवले होते. भूकबळी जवळजवळ झाले नाहीत. त्याबद्दल त्याचे कौतुक व्हायला हवे होते, झाली ती ‘फाजील खर्च केला’ अशी टीका. तोच टेंपल १८७७ मध्ये व्हाइसरॉय लिटनचा प्रतिनिधी म्हणून दख्खनमध्ये आला आणि या वेळी त्याने काटकसर सिद्ध करायचे ठरवले. खडी फोडणाऱ्या, माती वाहणाऱ्या मजुराची मजुरी एक पौंड धान्य आणि वर किरकोळ पैसे, इतकी खाली आणण्यात आली. एक पौंड म्हणजे अर्ध्या किलोहूनही कमी. धान्याच्या भावात सरकारने हात घालायचा नाही, असा लिटनचा आदेश होता. धान्याची निर्यात सुरूच राहिली. युक्तिवाद असा की बाजार आपल्या नियमाने चालतो, लोकसंख्या निसर्गनियमाने घटते-वाढते आणि या नियमांत ढवळाढवळ करणे व्यर्थ आहे. ज्या शिक्षणसंस्थेतून कंपनीचे अधिकारी तयार होऊन येत, तिथे लोकसंख्येचा हा सिद्धांत मांडणारा माल्थस अनेक वर्षे शिकवत होता.

या विचाराला दैववाद म्हणायचे नाही तर काय म्हणायचे? त्यात देवाचे नाव नव्हते, एवढाच फरक. ‘अर्थशास्त्राचा नियम’ हे त्यांच्या लौह-ए-महफूजचे नाव होते.

आणि ज्यांना दैववादी म्हटले गेले त्यांनी काय केले? १८७७च्या सुरुवातीला मुंबई इलाख्यात दुष्काळी कामांवरचे हजारो मजूर काम सोडून गेले. अर्धपोटी मजुरी आणि घरापासून लांबच्या छावण्या त्यांनी नाकारल्या. उपाशी माणसांचा हा संप होता. पुण्याची सार्वजनिक सभा त्यांच्या बाजूने उभी राहिली. गणेश वासुदेव जोशी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तालुक्या-तालुक्यातून माहिती गोळा केली आणि मजुरीच्या प्रश्नावर सरकारकडे निवेदनांमागून निवेदने पाठवली. या सगळ्याचा दबाव, मृत्यूंचे आकडे आणि विलायतेतली टीका यांतून १८८०चा दुष्काळ आयोग आला आणि १८८३ पासून दुष्काळ संहिता तयार झाल्या. टंचाई जाहीर कधी करायची, काम कधी काढायचे, मजुरी किती द्यायची, याचे लिखित नियम झाले. ते अपुरे होते, पुढच्या दुष्काळांत मोडलेही गेले. पण भूकबळी ही निसर्गाची नव्हे, प्रशासनाची बाब आहे, हे तत्त्व एकदा कागदावर आल्यावर पुन्हा पुसता आले नाही.

उमय्यांची तकदीर

हे सारे वाचताना मुस्लिम इतिहासातला एक जुना वाद आठवल्यावाचून राहत नाही.

तकदीरवर विश्वास हा आपल्या ईमानाचा भाग आहे. त्याबद्दल दुमत नाही. वाद झाला तो त्या विश्वासातून काढलेल्या निष्कर्षावर. पहिल्या हिजरी शतकात उमय्यांची सत्ता आली. खिलाफतीची राजेशाही झाली. करबला घडले, मदीनेवर आणि मक्केवर फौजा गेल्या. लोक प्रश्न विचारू लागले तेव्हा सत्तेच्या वर्तुळातून उत्तर आले की जे घडले ते अल्लाहच्या निर्णयाने घडले. आमची सत्ता हीच त्याची मर्जी. मग विरोध कशाला?

बसऱ्यातल्या मअबद अल-जुहनीने हे नाकारले. माणसाच्या कृत्याची जबाबदारी माणसावर, असे त्याचे म्हणणे. तो मारला गेला. पुढे दमिश्कच्या गैलानचाही खलिफा हिशामच्या काळात तसाच शेवट झाला. हसन बसरी हे तर सर्वमान्य संत आणि विद्वान. सत्ताधीश रक्त सांडतात आणि ते अल्लाहच्या तकदीरवर ढकलतात, ही तक्रार त्यांच्यापुढे आली तेव्हा त्यांनी असे म्हणणारे खोटे बोलतात, असा स्पष्ट निर्वाळा दिल्याची नोंद आहे. पुढे मुअतजिला आले, अशअरी आले. कृत्य निर्माण करणारा अल्लाह, पण ते ‘कमावणारा’ माणूस, अशी सूक्ष्म मांडणी झाली. वाद शतके चालला, पण बहुतेक सर्व प्रवाहांनी एक गोष्ट सोडली नाही. माणसाला जाब द्यावा लागणार आहे. आणि ज्याला काहीच करता येत नाही त्याच्याकडून जाब मागण्यात अर्थ नसतो.

लिटनचा बाजार आणि उमय्यांची तकदीर यांत बाराशे वर्षांचे अंतर आहे. युक्तिवादाचा साचा एकच. ज्याच्या हातात लेखणी आहे तो म्हणतो, हे मी लिहिलेलेच नाही.

हजरत उमर यांचे दोन निर्णय

याच्या उलट उदाहरणही आपल्याच इतिहासात आहे आणि ते अधिक जुने आहे.

हिजरी १८, म्हणजे इ. स. ६३९च्या सुमारास खलिफा हजरत उमर (रजि.) शामकडे निघाले होते. वाटेत सर्ग या ठिकाणी बातमी आली की पुढे अमवासची प्लेगची साथ पसरली आहे. त्यांनी सोबत्यांशी सल्लामसलत केली आणि परत फिरायचे ठरवले. अबू उबैदा (रजि.) यांनी विचारले की अल्लाहच्या तकदीरपासून पळता काय? उमर यांनी उत्तर दिले की होय, अल्लाहच्या एका तकदीरकडून त्याच्याच दुसऱ्या तकदीरकडे. मग त्यांनी उदाहरण दिले ते गुराख्याचे. दरीच्या एका अंगाला हिरवा चारा आहे, दुसऱ्या अंगाला उजाड माळ. उंट हिरव्या बाजूला चारले काय किंवा उजाड बाजूला चारले काय, दोन्ही अल्लाहच्या तकदीरनेच होणार. पण शहाणा गुराखी कुठे चारेल? इंदापूरच्या माळावर मेंढरे राखणाऱ्या कोणालाही हे उदाहरण समजावून सांगावे लागणार नाही.

त्याच सुमारास हिजाजमध्ये भीषण दुष्काळ पडला. इतिहासात त्याला राखेचे वर्ष म्हणतात, कारण पावसावाचून जमीन राखेच्या रंगाची झाली होती. उमर यांनी इस्तिस्काची, पावसासाठीची नमाज अदा केली. पण फक्त नमाज अदा करून ते थांबले नाहीत. प्रांताधिकाऱ्यांना पत्रे लिहून त्यांनी धान्याचे उंट मागवले, मदीनेबाहेर जमलेल्या भुकेल्यांसाठी रोज जेवण शिजवले. त्या वर्षी जकातीची वसुली पुढे ढकलली. भुकेपोटी चोरी करणाऱ्याला हात तोडण्याची शिक्षा थांबवली. लोकांना पोटभर मिळेपर्यंत स्वतः तूप आणि मांस वर्ज्य केले.

एकीकडे दुष्काळात वसुली पुढे ढकलणारा खलिफा, दुसरीकडे दुष्काळात मजुरी कापणारा टेंपल. तकदीर मानणारा यांतला कोण आणि तिच्याआड लपणारा कोण?

कालव्याचे पाणी

१८७६च्या दुष्काळाने इंदापूर-बारामतीला एक गोष्ट दिली. भाटघरचे धरण आणि नीरेचा डावा कालवा. १८८५ मध्ये कालव्यात पाणी सुटले. आणि लगेच जुनी तक्रार सुरू झाली. दारात पाणी आले तरी शेतकरी घेत नाही, जुन्या चालीचा, आभाळाकडे पाहणारा आहे.

शेतकऱ्याचा हिशेब साधा होता. पाऊस बरा झाला तर ज्वारी-बाजरीला कालव्याचे पाणी लागत नाही, मग पाणीपट्टी का भरायची? पाण्याचा खरा फायदा उसात. पण उसाला खत, भांडवल, गुऱ्हाळ आणि वर्ष-दीड वर्ष थांबण्याची ताकद लागते. ती सर्वांकडे नव्हती. ज्यांच्याकडे बागायतीचे कसब होते ते सासवडचे माळी नीरेच्या काठी आले, जमिनी घेतल्या आणि ऊस पिकवून दाखवला. मग स्थानिक शेतकरीही शिकले. ‘दैववादी’ शेतकरी एका पिढीत बागायतदार झाला. स्वभाव बदलला म्हणून नव्हे, परिस्थिती बदलली म्हणून.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला विश्वेश्वरय्यांनी याच कालव्यावर ब्लॉक पद्धत आणली. पाणी थोड्या गावांत न मुरता जास्त गावांना मिळावे, हा हेतू. तरीही काठच्या जमिनी जास्तीच्या पाण्याने उपळल्या, चोपण झाल्या आणि शेवटच्या टोकाला पाण्याची वाट पाहणे संपले नाही. पुढे माळेगावचा सहकारी साखर कारखाना आला, बारामतीच्या जिरायती भागात धान्याच्या मोबदल्यात पाझर तलाव खोदले गेले, १९७२च्या दुष्काळानंतर महाराष्ट्राने रोजगार हमीचा कायदा केला. १८७७ मध्ये जे मजूर काम सोडून गेले त्यांची मागणी शंभर वर्षांनी, १९७७ मध्ये, कायद्यात उतरली. मागेल त्याला काम. आणि उजनी धरण झाले तेव्हा इंदापूरचीच गावे पाण्याखाली गेली. उन्हाळ्यात पाणी ओसरले की पळसदेवचे जुने मंदिर वर येते, लोक ते पाहायला जातात. कोणाच्या शेतात पाणी येणार आणि कोणाचे घर पाण्यात जाणार, हे ठरवणारे नकाशे माणसांनी काढलेले होते.

आज कालव्याच्या वरच्या अंगाला हिरवेगार ऊस आणि टोकाला टँकर, हे चित्र आपण पाहतो. दोन गावांचे नशीब वेगळे नाही. दोन गावांचे पाणीवाटप वेगळे आहे.

आपले काय?

हा इतिहास मुस्लिम वाचकाने का वाचावा? कारण ‘लिखा हुआ’ हा शब्द आपण आज कुठे कुठे वापरतो ते पाहिले पाहिजे.

पोरगा नववीत शाळा सोडून गॅरेजवर जातो, तेव्हा त्याच्या ‘नसीब में पढाई नहीं थी’. बायका बचतगटाच्या नावाखाली चार-चार खासगी कंपन्यांची कर्जे उचलतात, एका हप्त्यासाठी दुसरे कर्ज काढतात आणि सुप्याच्या वहीतले तेच तीन वर्षांचे चक्र आता आठवड्याच्या हप्त्याने फिरते. अंगठ्याच्या जागी मोबाइलवर आलेला ओटीपी असतो, मजकूर आजही वाचलेला नसतो. बाळंतपणात बाई दगावते आणि ‘उसकी इतनीच थी’ म्हणून विषय संपतो. रक्त कमी होते हे सात महिने आधी कळले होते का, तपासणी झाली होती का, हे कोणी विचारत नाही. २००६ मध्ये सच्चर समितीने मुसलमानांच्या शिक्षणाची, नोकऱ्यांची आणि कर्जपुरवठ्याची आकडेवारी देशापुढे ठेवली. तो अहवाल म्हणजे आपल्या कपाळावरचा लेख नव्हे. ती वही आहे. वही वाचायची असते, तिच्यातले हिशेब विचारायचे असतात, सरकारलाही आणि स्वतःलाही.

तकदीर आणि तदबीर यांचे भांडण नाही. त्यांची वेळ वेगळी आहे. जे घडून गेले, जे परत येणार नाही, त्याच्यापुढे तकदीर हा फार मोठा आधार आहे. तरुण मुलगा गमावलेल्या आईला ती उभी ठेवते. हा सब्र आहे आणि त्याची चेष्टा करणाऱ्याला माणसाचे दुःख कळलेले नाही. पण जे अजून घडायचे आहे, त्याच्याबाबतीत तकदीरचे नाव घेणे म्हणजे तदबीर करण्याची टाळाटाळ. प्रेषितांनी (स.) उंट बांधून मग भरवसा ठेवायला सांगितले, हे आपण जुम्म्याच्या बयानात कितीदा ऐकतो. उंट न बांधता सुटला की तकदीरला दोष देणे मात्र सुटत नाही.

आणखी एक फरक महत्त्वाचा. दुःख भोगणारा ‘लिखा था’ म्हणतो तेव्हा तो स्वतःचे सांत्वन करत असतो. दुःख देणारा, किंवा ते टाळू शकणारा, तेच म्हणतो तेव्हा तो हात झटकत असतो. पहिल्याच्या खांद्यावर हात ठेवावा, दुसऱ्याकडे हिशेब मागावा. दोघांचे शब्द सारखे असल्यामुळे आपण फसतो आणि बऱ्याचदा उलट वागतो. भोगणाऱ्याला बोल लावतो, ‘तुमच्या समाजाला पुढे जायचेच नाही’ असे ऐकवतो आणि टाळू शकणाऱ्याला मोकळे सोडतो. इंग्रज अधिकाऱ्यांनी इंदापूरच्या रयतेबाबत नेमके हेच केले होते.

सुप्याच्या बाजारात वह्या जाळणाऱ्यांकडे दुसरा मार्ग नव्हता, कारण त्यांना त्या वाचता येत नव्हत्या. दीडशे वर्षांनी आपल्याला जाळपोळीची गरज नाही. आपल्या मोहल्ल्यात अशी मुले-मुली आहेत ज्यांना कर्जाचा करार वाचता येतो, माहिती अधिकाराचा अर्ज लिहिता येतो, शिष्यवृत्तीची मुदत शोधता येते, ग्रामसभेत उभे राहून पाणीवाटपाचा तक्ता मागता येतो. मशिदीच्या एका खोलीत जुम्म्यानंतर तासभर हे काम सुरू झाले तरी पुरे. ‘जो लिखा है’ असे कोणी म्हटले की त्या पोरांनी एवढेच विचारावे, कुठे लिहिले आहे, कोणी लिहिले आहे, दाखवा. जे दाखवता येणार नाही ते अल्लाहवर सोपवू. जे दाखवता येईल ते आधी नीट वाचू.